दोन कड्यांचा बंदोबस्त

वंडलूरहून वालाजाबादकडे जाणारा हमरस्ता आणि सिंगपेरुमाळ कोविलहून श्रीपेरुंबुदूरकडे जाणारा हमरस्ता जेथे एकमेकांना छेदतात, त्या तामिळनाडूतील ओरगडम नामक औद्योगिक तीर्थक्षेत्री एका दिवसात एकंदर किती बोल्ट आवळले जातात याची मोजदाद करण्याचे सरकारने उद्या मनावर घेतले, तर त्या कामी एक स्वतंत्र कचेरी, तीत कारकुनांचा एक ताफा आणि त्या ताफ्यावर एक अंमलदार नेमावा लागेल, आणि एवढे होऊनही संध्याकाळपर्यंत हिशेब जुळेल अशी हमी कोणी देणार नाही. 2010 साली रेनॉ-निस्सानचा मोटारींचा कारखाना येथे सुरू झाला. 2012 साली भारतबेंझच्या मालमोटारी येथून बाहेर पडू लागल्या. 2013 साली रॉयल एन्फील्डने आपल्या फटफट्यांचे बिऱ्हाड येथे थाटले. आणि या बड्या जहागीरदारांच्या आश्रयास सुटे भाग करणारे लहानमोठे कारखानदार येऊन राहिले. या सर्व संस्थानांत एक कायदा समान आहे : कोणताही बोल्ट कोणाच्याही मर्जीने आवळावयाचा नाही. प्रत्येक बोल्टाचा टॉर्क ठरलेला, तो देणारा पान्हा ठरलेला, त्या पान्ह्याची ठरावीक मुदतीने पारख करणारे खाते वेगळे, आणि बोल्ट हुकुमाप्रमाणे आवळला गेला की त्याच्या माथ्यावर रंगाची एक रेघ ओढून त्याची नोंद केली जाते. मोटारीच्या चाकाच्या नटास सामान्यतः 100 न्यूटन-मीटरच्या आसपास पीळ लागतो. तो 90 बसला की 110, यावर येथे भल्याभल्यांच्या बढत्या अडलेल्या असतात.

या कारभारात पिंपरी-चिंचवड आणि चाकण या आमच्या मुलुखातून भरती होऊन आलेली मराठी मंडळी बरीच आहेत, आणि त्यांपैकी एक सद्गृहस्थ आमचे शेजारी आहेत. ते गुणनियंत्रण खात्याचे अंमलदार असून, ‘अंदाजाने आवळला, सर’ असे त्यांच्यासमोर म्हणणाऱ्या कामगाराकडे ते ज्या दृष्टीने पाहतात ती दृष्टी मी एकदा पाहिली आहे व पुन्हा पाहण्याची माझी इच्छा नाही. मी स्वतः हिशेबखात्यातला मनुष्य. माझ्या हातून आजवर टेबलाच्या खणाच्या मुठीखेरीज काही आवळले गेलेले नसल्यामुळे, या शास्त्रातील त्यांचा अधिकार मी निमूटपणे मानीत आलो होतो. तथापि संध्याकाळी कारखान्याच्या फाटकातून बाहेर पडताना हे लोक आपला टॉर्क रेंच जसा जमा करतात, तशी त्याविषयीची श्रद्धाही तेथेच जमा करून येत असावेत, असा दाट संशय मला अलीकडे येऊ लागला आहे. आणि त्यास कारण घडले ते एका हवाई बंदुकीच्या दोन कड्यांचे प्रकरण.

1 ऑगस्ट 2024 रोजी कोल्हापूर जिल्ह्यातील कांबळवाडीच्या स्वप्नील कुसाळे याने पॅरिसच्या ऑलिंपिकमध्ये 50 मीटर रायफलच्या तीन अवस्थांच्या स्पर्धेत कांस्यपदक मिळवले, आणि आपल्या अंगी एक नेमबाज सुप्तावस्थेत पडून आहे असा साक्षात्कार ज्या असंख्य मराठी पुरुषांस त्या आठवड्यात झाला, त्यांत आमचे शेजारी अग्रभागी होते. कुसाळे हा त्या वेळी मध्य रेल्वेत तिकीट तपासनीस होता. तेव्हा तिकिटे तपासणाऱ्यास जे साधले ते मोटारी तपासणाऱ्यास का साधू नये, असा त्यांचा युक्तिवाद होता, व तो खोडून काढण्याइतका माझा रेल्वेचा व्यासंग नव्हता. यथावकाश बंदूक आली. 4.5 मिलिमीटर नळीच्या व 20 ज्यूलपेक्षा कमी जोराच्या हवाई बंदुकीस 2016 च्या शस्त्र नियमांप्रमाणे परवाना लागत नाही, त्यामुळे सरकारदरबारी काही अडले नाही. वहिनींनी मात्र घरातल्या घरात एक कलम जोडले : गच्चीवर वाळूच्या पेटीपुढे लावलेल्या कागदाखेरीज कोणत्याही सजीव वा निर्जीव पदार्थाकडे नळी वळता कामा नये. पक्ष्यांच्या बाबतीत 1972 चा वन्यजीव संरक्षण कायदा वहिनींच्या बाजूस होता. कुंड्यांच्या बाबतीत त्यांस कायद्याची गरज नव्हती.

मग दुर्बिणीचा विचार निघाला. ज्या कुसाळ्याच्या प्रेरणेने हे सर्व आरंभले होते त्याच्या बंदुकीवर दुर्बीण नव्हती. 2010 साली म्युनिकला जागतिक विजेतेपद मिळवणाऱ्या कोल्हापूरच्याच तेजस्विनी सावंत यांच्याही बंदुकीवर नव्हती. ऑलिंपिकच्या रायफल-स्पर्धांत दुर्बीण लावण्यास मुळी मनाईच असून, मागे एक बारीक भोक आणि पुढे एक चिमुकले वर्तुळ एवढ्या सामग्रीवर सारा कारभार चालतो, ही माहिती मी त्यांस पुरवली. 10 मीटरच्या स्पर्धेत दहा गुणांचा ठिपका अवघा अर्धा मिलिमीटर असतो आणि तोही लोक याच भोकातून टिपतात, हेही सांगून पाहिले.

‘‘अहो, तो कुसाळे आहे,’’ ते म्हणाले. ‘‘मला चाळिशी लागली आहे.’’

या निकालावर अपील नव्हते.

बंदुकीवर दुर्बीण बसवावयाची ती दोन कड्यांच्या आधारे. दुर्बिणीच्या नळीस वरून-खालून कवटाळावयाचे आणि बंदुकीच्या पाठीवरील पट्टीस घट्ट धरून राहावयाचे, एवढेच या कड्यांचे काम. परंतु बंदूक कितीही सरळ आणि दुर्बीण कितीही निर्मळ असली, तरी त्या उभयतांचे एकमत आहे किंवा कसे, हे ठरवण्याची मुखत्यारी या दोन कड्यांकडे असते. असे असूनही, लग्नाच्या यादीत हॉल, दागिने, आहेर आणि आइस्क्रीम यांचे आकडे पडल्यावर अगदी तळाशी ज्याप्रमाणे भटजींच्या दक्षिणेची घासाघीस चालते, वस्तुतः लग्न तेच लावणार असतात तरी, त्याप्रमाणे आमच्या शेजाऱ्यांच्या अंदाजपत्रकात कड्यांची रक्कम बंदूक व दुर्बीण यांच्या खाली, वंगणाच्या डबीच्याही खाली, मांडलेली होती. आता त्यांना दोष तरी का द्यावा? दुर्बिणीतून काहीतरी दिसते. कड्यातून काय दिसणार?

किफायतशीर कड्यांचा बाजार पाहण्यासारखा आहे. हजार रुपयांच्या आतले प्रत्येक कडे विमानाच्या प्रतीच्या अॅल्युमिनियमचे असते, असे त्याच्या डबीवर छापलेले असते. विमाने बांधून उरलेल्या अॅल्युमिनियमचा एवढा साठा या देशात पडून आहे याची हवाई खात्यास वार्ताही नसावी. तरी एवढे म्हटले पाहिजे, की अॅल्युमिनियमच्या पट्टीतून कापून, यंत्रावर कोरून काढलेले साधे कडे स्वस्त असूनही इमानाने चाकरी करते. घात करतात ती जस्ताच्या मिश्रधातूची ओतीव कडी. जस्त अॅल्युमिनियमपेक्षा जड असल्यामुळे ही कडी हाताला वजनदार लागतात, आणि गिऱ्हाईक त्या वजनासच मजबुती समजून प्रसन्न होते.

शेजाऱ्यांनी मागवलेली पहिली कडी धातूने उत्तम होती, फक्त ती त्यांच्या बंदुकीवर बसत नव्हती. त्याचे असे झाले, की अमेरिकेतील न्यू जर्सी प्रांतात पिकाटिनी नावाचे एक सरकारी शस्त्रागार आहे, त्याने 1995 साली बंदुकीवरील पट्टीचा एक सरकारी नमुना मुक्रर केला : आडव्या खाचा 5.23 मिलिमीटर रुंद, आणि एका खाचेच्या मध्यापासून दुसरीचा मध्य 10.01 मिलिमीटरवर. त्यापूर्वीपासून वीव्हर नावाची दुसरी पट्टी प्रचारात होती, तिच्या खाचा 4.57 मिलिमीटरच्या, त्यामुळे वीव्हरचे कडे पिकाटिनीच्या घरी बहुधा सुखाने नांदते, पिकाटिनीचे मात्र वीव्हरकडे जमत नाही. आमच्या शेजाऱ्यांनी ही सर्व भाऊबंदकी मुखोद्गत करून पिकाटिनीची कडी मागवली. त्यांच्या बंदुकीस यांपैकी कोणतीच पट्टी नव्हती. तिच्या पाठीवर दोन तिरप्या खोबणी कापलेल्या होत्या, ज्यांस 11 मिलिमीटरची डव्हटेल म्हणतात, आणि बहुतेक स्वस्त हवाई बंदुकांस तीच असते. ज्या मनुष्याच्या टेबलावर दिवसभर व्हर्नियर कॅलिपर पडलेला असतो त्याने स्वतःच्या बंदुकीस तो लावून पाहू नये, यात मला मोठे नवल वाटले. परंतु घरच्या मापांस कॅलिपर लावणे त्यांस बहुधा अविश्वासाचे लक्षण वाटत असावे.

उंचीचा प्रश्न त्याहून नाजूक. दुर्बिणीची नळी एक इंचाची, म्हणजे 25.4 मिलिमीटर, पुढचे भिंग 40 मिलिमीटरचे, व त्याच्या घराचा बाहेरचा व्यास 48 च्या आसपास, म्हणजे दुर्बिणीचे नाक तिच्या अंगापेक्षा सुमारे 11 मिलिमीटर खाली उतरलेले. कडी बुटकी घ्यावीत तर हे नाक नळीवर घासते. उंच घ्यावीत तर नेम धरणाऱ्याचा गाल बंदुकीच्या दस्त्यावरून सुटतो आणि मान सारसासारखी ताणावी लागते. नाक घासणार नाही एवढी जागा राखून त्यातल्या त्यात बुटके कडे घ्यावे, असा शिरस्ता आहे. दुसरी कडी या शिरस्त्याप्रमाणे मध्यम उंचीची आली व ती बसली.

बसली म्हणजे काय, याचा हिशेब मी करून दिला, कारण या साऱ्या प्रकरणात माझ्या खात्याचे काम तेवढेच होते. दोन कड्यांमध्ये 100 मिलिमीटर अंतर आहे आणि त्यांपैकी एक दुसऱ्यापेक्षा एक दशांश मिलिमीटर उंच आहे असे धरू. हजारात एक असा हा फरक. 10 मीटरवर तो एक सेंटिमीटर होतो, आणि दहा गुणांचा ठिपका, वर सांगितल्याप्रमाणे, अर्ध्या मिलिमीटरचा. दुर्बिणीची चक्री टिकटिक फिरवून ही तूट भरून काढता येते, 10 मीटरवर एका टिकेला सुमारे 0.7 मिलिमीटर या दराने चौदा टिका. पण वाकड्या कड्यांत पकडलेली नळी आतून ताणलेली राहते, तिच्या अंगावर ओरखडे उठतात, आणि तो ताण चक्रीने जात नाही. स्वस्त कड्यांचे खरे वैगुण्य हे आहे, की त्यांतले प्रत्येक कडे एकटे असताना निर्दोष असते. पुढचे मागे आणि मागचे पुढे करावे, एखादे उलट तोंडाने बसवून पाहावे. पुष्कळदा एवढ्यावर भांडण मिटते. न मिटल्यास दोन्ही कड्यांतून एक सरळ दांडा घालून घासणीच्या मलमाने ती एका रेषेत आणतात, परंतु तेवढे श्रम करणाऱ्याने महाग कडीच घेतलेली बरी.

येथे एक विषयांतर करतो. सुमारे 1908 साली मुंबईत सालिम अली या मुलाने खेळण्यातल्या हवाई बंदुकीने एक चिमणी पाडली, तिच्या गळ्यावर पिवळा डाग दिसला म्हणून मामांच्या सल्ल्याने ती बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीत नेली, तेथे मिलार्ड साहेबांनी पेंढा भरलेल्या पक्ष्यांची कपाटे उघडून दाखवली, आणि देशास एक पक्षिशास्त्रज्ञ लाभला. त्या बंदुकीवर दुर्बीण आणि तिच्याखाली ओतीव जस्ताची कडी असती, तर ती चिमणी सुखरूप उडून गेली असती.

स्प्रिंगच्या हवाई बंदुकीचा आणखी एक खोडसाळपणा असा, की ती दोनदा धक्का देते. आतला दट्ट्या पुढे झेपावतो तेव्हा बंदूक मागे येते, आणि तो शेवटास जाऊन थडकतो तेव्हा ती पुढे उसळी घेते. हे दोन्ही हिसके डोळ्याचे पाते लवण्याच्या आत होतात, आणि दुर्बीण बिचारी हळूहळू मागे मागे सरकत जाते. मोठ्या काडतुसी रायफलीचे धक्के निमूट सोसणारी दुर्बीण या चिमुकल्या बंदुकीवर खिळखिळी होते, ती यामुळे. म्हणून कड्याच्या तळाशी एक खिळी असावी व ती पट्टीवरील भोकात उतरावी, म्हणजे सरकण्याचा रस्ताच बंद होतो. शेजाऱ्यांच्या कड्यांस ती खिळी नव्हती. ‘‘घट्ट आवळली की झाले,’’ ते म्हणाले.

आणि ती त्यांनी आवळली. कारखान्यात 100 न्यूटन-मीटरच्या राशीत वावरणारे मनगट घरी आले, कड्याच्या डबीतली एलन की त्याने हाती घेतली, ‘अजून थोडे’ म्हणून एक पीळ, ‘असू दे’ म्हणून दुसरा, आणि तिसऱ्यास कड्याच्या वरच्या अर्ध्यातून, म्हणजे टोपीतून, एक बारीक, मऊ, लोण्यातून सुरी गेल्यासारखा अनुभव हाताला आला. आटे गेले होते. पोलादी स्क्रू आणि अॅल्युमिनियमचे आटे यांच्या झटापटीत दुसरे काही होत नाही.

‘‘मालच सदोष आहे,’’ असा शेरा गुणनियंत्रण खात्याने जागच्या जागी दिला.

त्या वेळी समोरच्या बिऱ्हाडातले वृद्ध तमिळ गृहस्थ जिन्यातून वर येत होते. ते आवडी येथील रणगाड्यांच्या कारखान्यात आयुष्यभर फिटर होते, म्हणजे ओरगडममधील कोणत्याही बोल्टाने ज्यांस लवून नमस्कार करावा असे बोल्ट त्यांनी आवळलेले. त्यांनी टोपी पाहिली, स्क्रू पाहिला, शेजाऱ्यांचे मनगट पाहिले. मग दुसऱ्या टोपीचा स्क्रू दोन बोटांनी फिरवून, जेथे शेजाऱ्यांचे आवळणे सुरू झाले असते नेमके तेथे थांबून, ते म्हणाले, ‘‘पोदुम, सार.’’ पुरे.

या पुरेपणाचे माप काय, असा सवाल शेजाऱ्यांनी केला. दुर्बिणी करणाऱ्यांच्या पत्रकात टोपीच्या स्क्रूस 15 ते 18 इंच-पौंड सांगितलेले असतात, म्हणजे 1.7 ते 2 न्यूटन-मीटर. मोटारीच्या चाकाच्या नटाचा पन्नासावा हिस्सा. एवढा बारीक पीळ मोजणारा रेंच कड्यांच्या कित्येक पट किमतीचा. फिटरसाहेबांनी बंदूक टेबलाच्या कडेशी कुशीवर निजवली, म्हणजे उभा स्क्रू आडवा झाला; एलन कीला नळीचा तुकडा जोडून तिची भुजा 10 सेंटिमीटर केली; ती जमिनीला समांतर अशी स्क्रूत बसवली; आणि तिच्या टोकाला पोन्नी तांदळाची दोन किलोंची पिशवी टांगली. 10 सेंटिमीटरवर दोन किलो म्हणजे जवळजवळ बरोबर 2 न्यूटन-मीटर. पिशवीने भुजा खाली जाते तोवर स्क्रूला घ्यायला जागा आहे. भुजा आडवीच्या आडवी राहिली, की पोदुम. एक स्क्रू डावा, एक उजवा, अशी आलटून पालटून पाळी, आणि टोपीच्या दोन्ही अंगांस फट सारखी.

‘‘अहो, कुकर लावायचाय,’’ वहिनी गच्चीच्या दारात येऊन म्हणाल्या. ‘‘ते तांदूळ अजून किती वेळ लटकवणार आहात?’’

‘‘चार स्क्रू राहिलेत.’’

‘‘मग डाळ लटकवा आणि तांदूळ द्या इकडे.’’

उरलेले स्क्रू तुरीच्या डाळीवर आवळले गेले आणि त्यांत काही न्यून राहिले नाही. दुर्बिणीतील उभी तार सरळ उभी आहे की नाही हे पाहण्यास ओळंबा टांगला. तो म्हणजे शेजाऱ्यांच्या खिशातून निघालेला एक नट आणि वहिनींच्या शिवणाच्या डब्यातला दोरा. 10 मीटरवर तार किंचित कलली तरी फारसे बिघडत नाही, परंतु अंतर वाढवले की गोळी एका बाजूस पडू लागते. शेवटी स्क्रू आपल्या जागेवरून हलल्यास कळावे म्हणून प्रत्येक स्क्रूच्या माथ्यापासून कड्यापर्यंत एक बारीक रेघ ओढायची होती. कारखान्यातला रंग कारखान्यात होता. येथे वहिनींचे नेलपॉलिश वापरले गेले, डाळिंबी रंगाचे.

रॉयल एन्फील्डचे ब्रीदवाक्य ‘बंदुकीसारखी घडवलेली’ असे आहे, हे येथे आठवल्यावाचून राहत नाही. इंग्लंडातील एन्फील्डच्या सरकारी बंदूक-कारखान्यास सुटे भाग पुरवणाऱ्या कारखानदारांनी ते नाव आपल्या मालास घेतले, आणि त्याच एन्फील्ड घराण्याच्या नंबर 4 रायफलीवर दुसऱ्या महायुद्धात दुर्बीण बसवावयाची तेव्हा ते काम लंडनच्या हॉलंड अँड हॉलंड या नामांकित बंदूकवाल्यांकडे सोपवले जाई. त्यांचे कारागीर दुर्बिणीचे घोडके त्या-त्या बंदुकीस हाताने बसवून देत, आणि त्या दुर्बिणीचा क्रमांक बंदुकीच्या दस्त्यावर ठोकत, म्हणजे एकीची दुर्बीण दुसरीस लावली जाऊ नये. हे ऐकून शेजाऱ्यांनी नेलपॉलिशची बाटली पुन्हा उघडली आणि दुर्बिणीखाली व बंदुकीवर एकसारखा 1 हा आकडा काढला. त्यांच्याकडे दुसरी बंदूक नाही.

ती कडी अद्याप जागच्या जागी आहेत. मागच्या कड्यामागे फिटरसाहेबांनी सांगितल्यावरून एक स्वतंत्र अडसर बसवला आहे, कागदावरील भोके एका पंचवीस पैशांच्या नाण्याखाली झाकतात, आणि शेजारी आता सर्वांस सांगत असतात की महाग कडी घेणे ही निव्वळ उधळपट्टी होय. त्यांच्या या मतात तथ्य आहे, एवढे मी निःपक्षपातीपणे नमूद करतो. आपल्यापैकी कोणास दुर्बिणीखाली स्वस्त कडी घ्यावयाची असल्यास खुशाल घ्यावीत. पट्टी मोजून घ्यावी, ओतीव जस्त टाळावे, टोपीला चार स्क्रू आणि तळाला खिळी पाहावी. फक्त डबीत फुकट आलेली एलन की त्याच दिवशी भंगारात टाकावी. ती मऊ लोखंडाची असते, तिने स्क्रूच्या माथ्यातील षट्कोनाचे वर्तुळ होते, आणि चांगली एलन की कोणत्याही हार्डवेअरच्या दुकानात चहा-भजीच्या किमतीत मिळते.